चौथा बाजार

बालाघाट,
गुरुवार, ११ डिसेंबर

प्रिय देवश्री,

'प्रिय' लिहायला मला पाच मिनिटं लागली. तुला उद्देशून हा शब्द वापरायचा हक्क मला आहे का, हेच ठरेना. शेवटी शाळेतली रीत कामाला आली. पत्र कोणालाही असो, सुरुवात अशीच करायची, भांडण पुढच्या ओळीपासून. पण आज भांडण नाही. पाकिटाच्या कोपऱ्यावर लाल-पिवळा डाग दिसला असेल, तो तेलकट हाताचा नाही. त्याचं कारण शेवटी सांगते. ओळी वाकड्या गेल्या असतील, त्याचंही कारण येईल. आणि हे पत्र संकेतला आधी दाखवू नकोस. तू पुरतं वाच, मग द्यावंसं वाटलं तर दे.

रविवारी अकराच्या ठोक्याला त्याचा फोन येतो, हे तुला ठाऊक असणारच. त्या वेळी तू दुसऱ्या खोलीत जात असशील. आमचं बोलणं पाच मिनिटांचं. थंडी किती, नळाला पाणी येतं का, गुडघे काय म्हणतात. तुमच्या लग्नाला दोन वर्षं झाली, पण त्या पाच मिनिटांत तुझं नाव येत नाही, कारण मी ते येऊ देत नाही. या रविवारी मात्र तो थंडीबद्दल बोललाच नाही. तुम्ही दोघांनी तीन वर्षं खपून केलेला कॉम्प्युटरवरचा खेळ विक्रीतून काढून घेतला, असं त्याने सांगितलं. सिवनीच्या कोणा म्हाताऱ्या बाईकडे तो रोज बंद पडतो, देवश्री पंचवीस दिवस चूक शोधते आहे आणि चूक सापडत नाही. बाईने सगळ्यांना दिसेल असा शेरा लिहिल्यापासून लोकही घ्यायचे थांबले. ज्याला आपली चूक सापडत नाही त्याने दुसऱ्याच्या हातात वस्तू देऊ नये, असं तू म्हणालीस आणि एक जानेवारीपासून नागपुरातच कुठल्या कंपनीत नोकरी धरते आहेस. तो म्हणाला, "आई, तिचा हात फार चांगला आहे गं. आता त्या खेळाला हातच लावत नाही ती." मी तीन वेळा 'हं' म्हटलं आणि दूध उतू जातंय असं सांगून फोन ठेवला. गॅसवर दूध नव्हतं.

सिवनीची ती बाई मी आहे. तुला मेल लिहिणारी मिस पिंटो म्हणजे मीच.

आता लिहून टाकलं. तू वाचायची थांबली असशील तर थोडा वेळ थांब, मी वाट पाहते. बत्तीस वर्षं मी नापतोल निरीक्षक होते, बाजारातली वजनं आणि काटे तपासणारी. लालबर्रा, वारासिवनी, बैहर, सगळीकडच्या व्यापाऱ्यांना माझ्यासमोर अशी कबुली द्यावी लागली आहे आणि त्यांच्या तोंडाकडे पाहत मी पेनाचं टोपण उघडून बसायचे. कबुली देणं म्हणजे काय ते मला अडुसष्टाव्या वर्षी कळलं.

संकेतने जबलपूरची बँकेची नोकरी सोडली तेव्हा मी तुला दोष दिला. तुला पाहिलं नव्हतं, तुझ्याशी बोलले नव्हते. अमरावतीची एक मुलगी आहे, तिला कॉम्प्युटरचे खेळ बनवता येतात, एवढंच माहीत होतं. ज्या मुलीने माझ्या मुलाची खुर्ची सोडवली तिच्या अंगावर माझ्या घरची साडी चढणार नाही, असं मी त्याला फोनवर म्हटलं. तुम्ही नागपूरला नोंदणी करून लग्न केलंत, मी आले नाही. बस चार-पाच तासांची. येण्यासारखी तब्येत होती. साडीचं ते वाक्य तुझ्या कानावर गेलं असेल याची मला खात्री आहे, कारण संकेतला काही लपवता येत नाही. तो गुण त्याच्या वडिलांकडून आला, माझ्याकडून नाही.

मग या दिवाळीत इथल्या कोणीतरी सांगितलं की मॅडम, तुमच्या संकेतचा खेळ आला म्हणे. मी ऑनलाइन फॉर्म भरून देणाऱ्या दुकानात गेले आणि तिथल्या मुलीकडून तो पेन ड्राइव्हवर घेतला. कौतुकाने घेतला असं समजू नकोस. मला पुरावा हवा होता. मुलाने कशापायी बँक सोडली ते एकदा डोळ्यांनी पाहायचं आणि मग जन्मभर रागवायला मोकळं व्हायचं, असा हिशेब होता. तुमच्या जाहिरातीत लिहिलं होतं की जुन्यात जुन्या कॉम्प्युटरवरही चालेल. घरात संकेतच्या बाबांचा कॉम्प्युटर होता. ते त्यावर पत्त्यांचा डाव लावायचे. सहा वर्षांपूर्वी ते गेले तेव्हा मी त्यावर क्रोशाचं कव्हर घातलं, ते काढलं नव्हतं. एकदा वीज पडून आमचा टीव्ही जळला, तेव्हापासून त्यांचा नियम होता की काम झालं की बोर्डावरचं बटण बंद करायचं. तो नियम मी पाळला. आजवर त्यांचं दुसरं काही ऐकलं नाही, हे एक ऐकलं, आणि तेच नडलं.

खेळ मला आवडला. हे मिस पिंटोने तुला कधी लिहिलं नाही. बैहरच्या जंगलातून आनंदी नावाची पोर डोक्यावर चारोळीची टोपली घेऊन आठवडी बाजाराला येते आणि सात बाजार फिरून आपला माल खऱ्या वजनाने विकायचा प्रयत्न करते. व्यापाऱ्याची लबाडी खेळणाऱ्याने ओळखायची. पारड्याखाली चिकटवलेलं मेण, आतून पोखरलेलं वजन, गप्पा मारता मारता दांडीला दिलेला अंगठा. मी पाहतच राहिले. एकही लबाडी खोटी नव्हती. सुटीत संकेत माझ्या जीपमध्ये मागे बसून यायचा, तेव्हा तो पेंगतो असं मला वाटे. तासाभरात तीन बाजार झाले. रोज एक तास एवढीच मी स्वतःला परवानगी दिली होती, म्हणून तिथे थांबले, बटण बंद केलं. दुसऱ्या दिवशी चौथ्या बाजाराला गेले तर खेळ पटकन मिटला. नव्याने सुरू केला, पुन्हा तीन बाजार नीट. तिसऱ्या दिवशी चौथ्याला पुन्हा मिटला. असं पाच दिवस. मला इतका राग आला, आणि खरं सांगते, इतका आनंद झाला. पुरावा मिळाला होता.

स्वतःच्या नावाने कसं लिहिणार? म्हणून मी नाव घेतलं मिस पिंटोंचं आणि गाव सिवनी टाकलं. जबलपूरच्या कॉन्व्हेंटमध्ये त्या आम्हाला इंग्रजी आणि शिवण शिकवायच्या. एक टाका खोटा पडला तर सगळी पट्टी उसवायला लावायच्या. आयुष्यात खोटं बोलल्या असतील असं वाटत नाही. अशा बाईच्या नावाआड मी लपले. मोबाइलवर अक्षरं मोठी करून तुला मेल लिहिली, कॉन्व्हेंटचं सगळं इंग्रजी त्यात ओतलं. ज्यांना दुकान चालवता येत नाही त्यांनी बाजाराचा खेळ करू नये, असं लिहिलं. तुझं उत्तर त्याच दिवशी आलं, खाली तुझं नाव होतं, पूर्ण. तेव्हा मी थांबायला हवं होतं. समोर कोण आहे ते मला कळलं होतं, तुला कळलं नव्हतं. तराजूच्या दोन बाजू अशा असतील तर त्या व्यवहाराला आमच्या खात्यात काय म्हणतात ते मी इथे लिहीत नाही.

आता खरी गोष्ट. तुझं मेलवरचं दुसरं पत्र मी आज समोर ठेवलं आहे. तू लिहिलं होतंस की खेळ त्याच दिवशी मिटत नाही, दुसऱ्या दिवशीच मिटतो, हे विचित्र आहे. तेव्हा पडद्यावर खाली उजव्या कोपऱ्यात तारीख असते, ती कृपया स्वतः पाहा आणि जशी दिसते तशीच लिहून कळवा. शक्य झालं तर पूर्ण पडद्याचा फोटो पाठवा. बस, एवढंच. दुसऱ्याच दिवशी तू बरोबर जागेवर बोट ठेवलं होतंस. आणि मी काय लिहिलं? तारीख अगदी बरोबर आहे, मला रोजची तारीख शाळेपासून माहीत असते. फोटोला नकार दिला. नंतर तू खेळाच्या नोंदीची एक फाइल मागितलीस, तर माझ्या घरातले कागद मी परक्यांना पाठवत नाही, असं कळवलं.

मी तारीख पाहिलीच नव्हती.

का पाहिली नाही, ते मी स्वतःशीही नीट बोलले नव्हते. माझ्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे. दोन वर्षं झाली. संकेतला सांगितलं नाही, कोणालाच सांगितलं नाही. मोठी चित्रं दिसतात, कोपऱ्यातली बारीक अक्षरं म्हणजे माशी बसल्यासारखा डाग. काट्याची सुई अर्धा धागा हलली तरी पाच हातांवरून ओळखणारी मी; मला दिसत नाही असं एका पोरीला लिहू? त्यापेक्षा 'बरोबर आहे' लिहिणं सोपं होतं. आणि ऐक, सुई वाचायचं माझं जुनं भिंग त्याच टेबलाच्या खणात होतं. खण ओढायचा होता फक्त. मी भिंग विसरले होते असं म्हणता आलं असतं, पण विसरले नव्हते. पडद्याला भिंग लावून बसलेली म्हातारी मला व्हायचं नव्हतं.

पुढचं तुला माहीत आहे, पण माझ्या हाताने लिहिलेलं असावं म्हणून लिहिते. तारीख बरोबर आहे म्हटल्यावर तू तो धागा सोडलास आणि आपल्याच कामात चूक शोधायला लागलीस. तीन वेळा तू माझ्यासाठी खेळ नवा करून पाठवलास. तिन्ही वेळा मी दुकानातून आणला, लावला, पुन्हा तेच. प्रत्येक वेळी माझं पत्र आधीपेक्षा तिखट. तिसऱ्यानंतर तो जाहीर शेरा लिहिला. मला वाटलं होतं तू उलट उत्तर देशील, मग मला आणखी एक पुरावा मिळेल. तू लिहिलंस की मॅडम, तुमचा वेळ वाया गेला त्याबद्दल मला वाईट वाटतं, चूक माझीच असणार, मी शोधते. त्याच पत्रात तू सहज विचारलंस की सिवनी बालाघाटजवळच ना, माझ्या सासूबाई बालाघाटला असतात, मी अजून गेले नाही. मिस पिंटोने खवचटपणे विचारलं, का नाही गेलीस? तुझं उत्तर एका ओळीचं होतं. बोलावणं आलं नाही.

मी मोबाइल पालथा ठेवला आणि पोळ्या करायला गेले. त्यानंतर मिस पिंटोने तुला एकही पत्र पाठवलं नाही, हे तुझ्या लक्षात आलं असेल. तुला वाटलं असेल की बाई कंटाळली.

रविवारचा फोन झाला आणि सोमवारी सकाळी मी पुनारामला बोलावलं. काली पुतली चौकात त्याचं दुकान आहे, इलेक्ट्रॉनिक काटे आणि कॉम्प्युटर दुरुस्तीचं. दुसऱ्या दोन दुकानदारांशी माझं आधीच वाजलं होतं, ते आले नसते. पुनाराम येईल असंही वाटलं नव्हतं, कारण त्याच्याशी माझं जे झालं ते वाजण्याच्या पलीकडचं होतं. हा माणूस पूर्वी जुने लोखंडी काटे दुरुस्त करायचा. त्यासाठी आमच्या खात्याचा परवाना लागतो. दुरुस्तीनंतर काट्यावर वीस-वीस किलोची वजनं चढवून तपासायचं आणि मग 'तपासलं' असं लिहून द्यायचं, अशी पद्धत. सतरा वर्षांपूर्वी लालबर्र्याच्या एका राइस मिलचा मोठा काटा त्याने दुरुस्त केला आणि वजनं न चढवताच 'तपासलं' लिहिलं. मी गेले, वजनं चढवली, काटा चुकीचा निघाला. त्याचा परवाना मी रद्द केला. तो हात जोडून उभा होता. मी म्हटलं होतं, आधी पाहायचं, मग लिहायचं. ज्याला एवढं जमत नाही त्याने बाजारात उभं राहू नये. माझं हे वाक्य पुढे जिल्ह्यात म्हणीसारखं झालं. मला त्याचा अभिमान होता.

तर पुनाराम आला. केस पांढरे झाले आहेत. मी गोष्ट सांगितली, म्हणजे अर्धीच सांगितली. त्याने कॉम्प्युटर सुरू केला, दहा सेकंदही लागले नाहीत. "मॅडम, हे तं एक जानेवारी दोन हजार दहा दाखवून राह्यलं. तुमी पाह्यलं नोहतं का?" त्याने डबा उघडला आणि आतला गोल सेल काढून माझ्या तळहातावर ठेवला, पेपरमिंटच्या गोळीएवढा. तो मेला होता. त्या सेलच्या जिवावर कॉम्प्युटर बटण बंद असतानाही तारीख लक्षात ठेवतो म्हणे. मी रोज बटण बंद करायचे, तो रोज सगळं विसरून पंधरा वर्षांमागच्या त्याच मध्यरात्रीला परत जायचा. आज खेळलेले तीन बाजार उद्या त्याच्या दृष्टीने अजून व्हायचेच असायचे. न झालेल्या बाजारानंतरचा बाजार कुठून भरवणार, बिचारा खेळ मिटायचा. हे मी तुला समजावते आहे, आणि तू ते दुसऱ्याच दिवशी ओळखलं होतंस.

नवा सेल बसवता बसवता पुनारामने मान वर न करता विचारलं की तारीख का पाहिली नाही. कोणास ठाऊक का, मी त्याला सांगून टाकलं की डोळ्यांनी दिसत नाही. जगात पहिल्यांदा त्यालाच. तो स्क्रू पिळत राहिला. मग म्हणाला, त्या वर्षी त्याची कंबर गेली होती, वीस किलोचं वजन जमिनीवरून सुटत नव्हतं, म्हणून लालबर्र्याला वजनं चढवली नाहीत. मला भयंकर राग आला, स्वतःचा की त्याचा ते माहीत नाही. मी म्हटलं, मग तेव्हा सांगितलं काहून नाही? माणूस दिला असता हाताखाली. तेव्हा त्याने माझ्याकडे पाहिलं. "सांगाले लाज वाटली, मॅडम. तुमाले नाही वाटली का?"

टोमणा नव्हता गं तो. खरंच विचारत होता. एका आजाऱ्याने दुसऱ्याला विचारावं, तुला पण रात्री खोकला येतो का, तसं. मी चहा ठेवला. सतरा वर्षांत माझ्या घरी तो पहिल्यांदा बसला. जाताना म्हणाला की डोळ्यांचं काम गोंदियाला चांगलं करतात, त्याच्या आईचं तिथेच केलं. मी क्षमा मागितली नाही. मागायची कशी ते जमलं नाही. गेटपर्यंत सोडायला मात्र गेले, आणि हे मी कमिशनरसाठीही केलं नव्हतं.

सोमवारी तीन बाजार खेळले आणि बोर्डावरचं बटण बंद केलं. मंगळवारी सकाळी, आंघोळही न करता, बटण लावलं, भिंग काढलं, तारीख पाहिली. नऊ डिसेंबर. खेळ उघडला. चौथा बाजार आला.

धुळीतून जीप आली. व्यापारी पळापळ करायला लागले, आनंदी टोपलीमागे दडली. जीपमधून एक बाई उतरली. खळ केलेली सुती साडी, खांद्याला छत्री, मागे लाकडी पेटीत पितळी वजनं. नाक जरा जास्त लांब काढलं आहेस. बाईने पदर खोचला आणि सरळ मातीत उकिडवी बसली, डोळा सुईच्या रेषेत यावा म्हणून. व्यापारी म्हणाला, मॅडम, सगळं पाहून ठेवलंय, तुम्ही फक्त ठप्पा मारा. बाईने वर पाहिलंसुद्धा नाही. म्हणाली, "आधी पाहीन, मग लिहीन."

देवश्री, मी खेळ तिथेच थांबवला आणि बराच वेळ त्या बाईसमोर बसून राहिले. संकेतला चित्र काढता येत नाही, गाढव काढ म्हटलं तर घोडा काढायचा तो. ती बाई तू काढलीस. माझा एक फोटो तुझ्याकडे नाही. माझ्याकडून तुला एकच वाक्य पोहोचलं होतं, साडीचं. तरी तू मला वाईट काढलं नाहीस, उगाच गोडही काढलं नाहीस. ती बाई उठते, आनंदीच्या चारोळीला स्वतःची वजनं लावते, काही न बोलता जीपमध्ये बसते. मी तशी होते. त्या बाईने न पाहता 'तारीख बरोबर आहे' असं कधीच लिहिलं नसतं. मी तिच्या नजरेला नजर देऊ शकले नाही, आणि ती तर चित्र आहे. आता तुझ्यासमोर कशी येऊ, याचा विचार परवापासून करते आहे. एक दुरुस्ती मात्र कर. पाचव्या बाजारात ती व्यापाऱ्याच्या दुकानात चहा पिताना दाखवली आहेस. तपासणीच्या जागी मी कधी पाणीसुद्धा प्यायले नाही.

जाहीर शेरा काल काढला. त्या जागी खरं काय ते माझ्या खऱ्या नावाने लिहिलं, थोडक्यात. पण ते पुरेसं नाही. आमच्या खात्यात चुकीचा ठप्पा रद्द करायचा तर शाईने गिरगटून चालत नाही. त्यावर फुलीचा ठप्पा मारावा लागतो आणि खाली सही करावी लागते. तेव्हा हे माझ्या हातचं, कागदावर: मी, अलकनंदा गोपाळकृष्ण दाणी, निवृत्त नापतोल निरीक्षक, बालाघाट, असं लिहून देते की मंगळवार ते गुरुवार मी बोर्डाचं बटण अकरा वेळा बंद करून अकरा वेळा लावलं, दर वेळी तारीख भिंगातून स्वतः वाचली आणि सातही बाजार पूर्ण केले. खेळ एकदाही मिटला नाही. तो निर्दोष आहे. तो बनवणारीचा दोष कधीच नव्हता; मिस पिंटोंनी दिलेली माहिती खोटी होती. हा कागद तू त्या कंपनीला दाखव, नाहीतर संकेतला, नाहीतर आरशासमोर उभी राहून स्वतःला दाखव. नोकरी करायची तर खुशाल कर, चांगली नोकरी मलाही आवडते. पण आपली चूक सापडली नाही म्हणून करू नकोस. चूक तुझी असती तर तुला सापडली असती.

आता पाकिटावरचा डाग. ते हळदीकुंकू आहे. सुनेला पहिल्यांदा घरी बोलावताना पत्राच्या कोपऱ्याला लावतात. माझ्या सासूबाईंनी लावलं होतं, ते मी तेव्हा हसण्यावारी नेलं. तुला बोलावणं आलं नव्हतं, ते हे. मेलला असा कोपरा नसतो, म्हणून पत्र. सहा जानेवारीला गोंदियाला माझ्या उजव्या डोळ्याचं ऑपरेशन आहे, पुनाराम त्याच्या गाडीने नेणार आहे. त्यासाठी बोलावत नाही, सेवा मला सोसत नाही. संकेतला डोळ्यांचं मी या रविवारी स्वतः सांगेन, आणि तुझं नावही मीच काढेन. तू संक्रांतीनंतर ये, पट्टी निघाल्यावर, त्याच्या आधी नको. साडी काढून ठेवली आहे, रंग कोणता ते मलाच नीट दिसत नाही. एकदा तुझ्यावर न पाहता शेरा मारला. या खेपेला आधी पाहीन.

तुझीच, तू म्हणशील त्या नात्याने,
अलकनंदा